हिरव्या टेपचा तवा

"नुसतं वैशाली? अन् आडनाव काय?"

तव्यावर चार टोस्ट होते आणि त्यांतले दोन उलटायला आले होते. ते मी आधी उलटले, मग वर पाहिलं. समोर मोरपंखी रंगाची साडी नेसलेल्या साठीच्या बाई रिकामी प्लेट घेऊन उभ्या होत्या. त्यांची नजर माझ्या बॅजवर होती. आमच्या हॉटेलात बॅजवर फक्त पहिलं नाव असतं. पाहुण्यांना आपलेपणा वाटतो म्हणे.

"गजभिये," मी सांगितलं.

"अच्छा," त्या म्हणाल्या. हातातली प्लेट टेबलाच्या कडेला ठेवली आणि निघून गेल्या.

नागपुरात वाढलेल्या माणसाला हा प्रश्न समजावून सांगावा लागत नाही. विचारणाऱ्याला आडनावाशी काही घेणं नसतं. आपल्याला कुठं बसवायचं, हे त्याला ठरवायचं असतं. शाळेत, भाड्याची खोली बघताना, बसमध्ये शेजारी बसलेल्या काकूंकडून, सगळीकडे मी तो ऐकला आहे. तव्यासमोर उभी असताना मात्र पहिल्यांदाच ऐकला, आणि मला सणसणून राग आला.

मी वर्धा रोडवर, मिहानच्या अलीकडे असलेल्या एका हॉटेलात शेफ आहे. माझं काम नाश्त्याचं. लग्नसराईत आम्ही बँक्वेटला लाइव्ह काउंटर लावतो, म्हणजे पदार्थ पाहुण्यांच्या समोर गरम गरम करून द्यायचा. यात अर्धं काम हाताचं आणि अर्धं तोंडाचं असतं. हसायचं, "अजून एक घ्या ना" म्हणायचं. हे लग्न चांगलं पार पडलं तर नाश्त्याचा पूर्ण सेक्शन मला मिळेल, असं आमच्या मोठ्या शेफनी सांगितलं होतं. त्या सेक्शनसाठी मी किती वर्षं पहाटे उठून येत होते, ते माझ्या घरच्यांना विचारा.

लग्न लकडगंजातल्या प्लायवूडच्या एका ठोक व्यापाऱ्याकडचं होतं. मुलीच्या वडिलांना सगळे काकाजी म्हणायचे, म्हणून मीही तेच म्हणू लागले. मुलगी पुण्यात नोकरीला. तिथं कुठल्याशा कॅफेत तिनं स्टफ्ड फ्रेंच टोस्ट खाल्ला होता आणि लग्नाच्या सकाळी तोच हवा म्हणून हट्ट धरला होता. अडचण एकच. काकाजींच्या घरात अंडं येत नाही. आणि फ्रेंच टोस्ट म्हणजे मुळात अंडं-दुधात बुडवून भाजलेला ब्रेड.

बिनअंड्याचा करता येतो. दुधात कस्टर्ड पावडर आणि थोडं कॉर्नफ्लोअर कालवलं की अंड्यासारखंच पिवळं, दाटसर मिश्रण होतं. खरी परीक्षा आतल्या सारणाची. ब्रेड जाड कापायचा, दोन बोटं तरी. आदल्या दिवशीचा असला तर उत्तम, ताजा लगेच मोडतो. एका बाजूनं सुरी घालून आत खिसा करायचा. त्यात क्रीम चीज भरायचं, म्हणजे सायीसारखं मऊ, जरा आंबटसर चीज. त्यासोबत फळ. पुण्याच्या कॅफेत स्ट्रॉबेरी होती. मी म्हटलं, फेब्रुवारी महिना, मृग बहाराचा संत्रा बाजारात आहे, मी संत्राच घालणार.

संत्रा भरणं सोपं नाही. फोडीला इतका रस की ब्रेडचा लगदा होतो. म्हणून प्रत्येक फोड सोलायची, पांढरी साल आणि बी काढायची आणि गर मलमलच्या कापडावर निथळत ठेवायचा. सालीचा वरचा केशरी भाग किसून चीजमध्ये घालायचा, वास त्यात असतो. खिशाचं तोंड बोटांनी दाबून बंद करायचं. मंद आच ठेवायची आणि घाई करायची नाही. घाई केली की खिसा उघडतो, चीज तव्यावर येतं आणि जळतं.

टेस्टिंगला, म्हणजे पार्टीला आधी चव दाखवतात तेव्हा, हा टोस्ट सगळ्यांनी खाल्ला. त्या मोरपंखी साडीवाल्या बाईही होत्या. काकाजींच्या थोरल्या बहीण, घरातल्या सगळ्यांच्या आत्याबाई. त्यांनी दोन खाल्ले, असं वाढणाऱ्या मुलांनी सांगितलं होतं. त्या दिवशी मी आतून पाठवत होते, समोर नव्हते.

लग्नाच्या आदल्या दिवशी आमच्या बँक्वेट मॅनेजरशी माझं पहिलं वाजलं. सगळे त्यांना नितीन सर म्हणतात. काउंटरवर रोज ऑम्लेट होतात तीच हॉटप्लेट लावा, असं त्यांनी सांगितलं.

"सर, वेगळा तवा लागेल. यावर अंडं होते रोज."

"पुसून घे न चांगली. कोणाले कळते?"

"मले कळते न."

"काहून एवढी डोकेफोड करतं वं तू? पार्टीले टोस्ट पाहिजे, टोस्ट भेटून राहिला."

मी ऐकलं नाही. स्टोअरमधून कोरा तवा काढून आणला. तव्याचा दांडा, उलथनं, मिश्रणाचं पातेलं, सगळ्याला हिरवी टेप गुंडाळली. हिरवी टेप म्हणजे याला अंडं लागलेलं नाही, हे सगळ्या किचनला सांगितलं. मी स्वतः अंडं खाते, मटणही खाते. पण समोरचा माणूस विश्वासानं प्लेट पुढं करतो. त्याला नको ते त्याच्या तोंडात जाऊ द्यायचं नाही, हा माझ्या धंद्यातला पहिला नियम आहे. त्यात मी कोणाचंच ऐकत नाही.

हे एवढं सांगण्याचं कारण पुढं येईल.

तर आत्याबाई प्लेट ठेवून गेल्या. थोड्या वेळानं नितीन सर आले. चेहऱ्यावर पाहुण्यांसाठीचं हसू तसंच होतं, आवाज मात्र दबका.

"वैशाली, तू जरा मागं चाल. इथं तिवारी महाराजले उभं करतो."

तिवारी महाराज आमच्या मिठाई सेक्शनला आहेत. भला माणूस. बुंदी पाडावी तर त्यांनीच.

"काहून?"

"काहून काय? समजून घे न. ते आत्याबाई सगळ्यायले सांगून राहिली. पार्टी नाराज होऊन राहिली. तू मागून भरून पाठव, महाराज इथं फक्त भाजतीन."

मी तव्यावरचे टोस्ट उतरवले, प्लेटमध्ये ठेवले आणि रांगेतल्या एका काकूंना हसून दिले. मग विचारलं, "सर, संत्रा कोण सोलला?"

"तू."

"चीज कोण फेटलं? ब्रेडले खिसा कोण केला? भरलं कोण?"

"तूच न वं."

"मंग महाराज उलटतीन तेवढ्यानं काय होते?"

"दिसत नाही न कोणाले," ते म्हणाले.

हे ते अगदी सहज बोलले. काल अंड्याचं कोणाला कळत नव्हतं, आज मी कोणाला दिसायला नको होते. त्यांच्या लेखी दोन्ही सारखंच होतं.

"सर, मी मागं जाणार नाही."

"वैशाली, सेक्शनचं बोलणं चालू आहे तुझं. याद ठेव."

"आहे याद."

माझे आजोबा इथं नागपुरातच बौद्ध झाले. ते घरी आले तेव्हा आजीला म्हणाले होते, आता कोणाच्या पंगतीत मागं उभं राहायचं नाही. ही गोष्ट आमच्या घरी इतक्या वेळा सांगितली गेली की लहानपणी मला कंटाळा यायचा. त्या दिवशी कंटाळा आला नाही.

मी गॅस बारीक केला, ॲप्रनला हात पुसले आणि काउंटर सोडून सरळ काकाजींकडे गेले. नितीन सर मागून "अवं, अवं" करत आले. काकाजी नवऱ्यामुलाकडच्या मंडळींना बसवत होते.

"काकाजी, एक मिनिट. तुम्ही अंडं नको म्हणाले, मी तवा वेगळा ठेवला. काल ठेवला, आजही आहे. चाला, दाखवते."

"हो हो, माहीत आहे मले," ते गडबडून म्हणाले.

"तसंच हे बी माहीत असू द्या. माझं नाव वैशाली गजभिये. हा टोस्ट पूर्ण माझ्या हातचा आहे. टेस्टिंगचा बी होता. तुमच्याकडं कोणाले चालत नसन तर मी काउंटर आत्ता बंद करते. पण मागं लपून करून पाठवणार नाही. तुम्ही सांगा."

काकाजींनी नितीन सरांकडे पाहिलं. नितीन सरांनी गालिच्याकडे पाहिलं. काकाजींची नजर मग आत्याबाईंवर गेली, आणि तिथून काउंटरसमोरच्या रांगेवर. रांगेत नवऱ्यामुलाकडचे लोक होते, प्लेटा घेऊन. मुलगी स्वतः हळदीच्या साडीत उभी होती आणि माझ्याकडे बघून "ताई, लवकर या ना" म्हणत होती. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं.

तो माणूस कात्रीत सापडला होता. मला त्याची दया आली नाही, खोटं कशाला सांगू.

"चालू द्या, चालू द्या," शेवटी ते म्हणाले. "पाहुणे ताटकळून राहिले."

आता कोणी म्हणेल, बघा, माणूस मनानं चांगला होता. असेल. मला तरी एवढंच कळलं की व्याह्यांसमोर बंद काउंटर दाखवणं त्यांना जड गेलं असतं. पण मला त्यांचं मन बदलायचं नव्हतं, मला माझ्या जागेवर उभं राहायचं होतं. मी परत गेले आणि गॅस वाढवला. तिथं पदार्थाचं नाव लिहायला एक छोटी पाटी असते. तिच्यावर 'संत्रा-चीज स्टफ्ड फ्रेंच टोस्ट (बिनअंड्याचा)' असं लिहिलं होतं. मी मार्कर घेतला आणि खाली लिहिलं, 'शेफ वैशाली गजभिये'. ज्याला वाचायचं त्यानं वाचावं.

काही लोक रांगेतून सरकले. आत्याबाईंच्या टेबलावरचं कोणीच आलं नाही. बाकीच्यांनी टोस्ट खाल्ला, काहींनी पुन्हा मागितला. मुलीनं दोन खाल्ले आणि हळदीचे हात पुसून तिसरा बांधून मागितला.

आत्याबाई आणि त्यांची मंडळी तर्री-पोह्याकडे गेली. आमचे पोहे छान असतात. चण्याची झणझणीत तर्री, वरून कच्चा कांदा. ते आमचे मेश्राम काका करतात, आमच्याच समाजातले. काकांचा जन्म आतल्या किचनमध्ये गेला, बाहेर ते कधी येत नाहीत. त्यामुळं त्यांना आजवर कोणी काही विचारलेलं नाही. आत्याबाईंनी पोहे दोनदा घेतले. मला इथून स्वच्छ दिसत होतं.

मी पोह्याचं पातेलं परत भरून घ्यायला आत गेले तेव्हा काका म्हणाले, "काय झालं वं पोरी? बाहेर काही गडबड चालू आहे म्हणते."

"काही नाही गा काका. तुमचे पोहे लोकायले लय आवडून राहिले."

"मंग काय तर," काका म्हणाले आणि तर्रीत डाव घातला.

मी बाहेर कोणाला काही बोलले नाही. आत्याबाईंनी विचारलं असतं तर काकांचं पूर्ण नाव सांगितलं असतं.

सेक्शन मला मिळाला नाही. "गेस्टशी थेट बोलली" हा माझा गुन्हा ठरला. मोठे शेफ म्हणाले, "वैशाली, तुझं चुकलं नाही, पण पद्धत चुकली." योग्य पद्धत कोणती, ते मी विचारलं. त्यांनी नव्या ड्यूटीचा कागद पुढं सरकवला. उरलेली लग्नसराई मी स्टाफ कॅन्टीनला काढली, ड्रायव्हर आणि सिक्युरिटीवाल्यांसाठी वरण-भात केला. तो मी फार चांगला केला. रागात माणूस फोडणी छान देतो.

पुढच्या हंगामात नवऱ्यामुलाकडच्यांच्या घरी दुसरं लग्न निघालं. ते आमच्याकडेच आले आणि बुकिंगच्या वेळीच म्हणाले की तो संत्र्याचा टोस्ट ठेवा, अन् पाटीवर नाव होतं त्याच शेफ बाई पाहिजे. तिवारी महाराजांनी एकदा करून बघितला होता. खिसा उघडला, चीज जळलं. "बेटी, ये मेरा काम नहीं," म्हणून त्यांनी उलथनं खाली ठेवलं.

नितीन सर कॅन्टीनमध्ये आले. इकडचं तिकडचं बोलले. वरणाची तारीफ केली. मग म्हणाले, "तर उद्यापासून बँक्वेटले ये. सेक्शनचं बी करून टाकू."

"येते सर. पण तवा हिरव्या टेपचा."

"हो वं बाई, तुझाच आहे तो."

"अन् बॅज बदलून पाहिजे. पूर्ण नावाचा."

"आता ते काहून? पॉलिसी आहे पहिल्या नावाची."

"मंग मी इथंच बरी आहे सर. वरण गॅसवर आहे."

बॅज दोन दिवसांत आला. इतर कोणाच्या बॅजवर आडनाव नाही, माझ्याच आहे. अक्षर जरा बारीक झालं आहे, पण काउंटरच्या पलीकडून वाचता येतं. मी वाचून बघितलं आहे.

नव्या मुली कामाला लागतात तेव्हा मी त्यांना टोस्ट शिकवते. ब्रेड शिळा घ्या, संत्रा निथळू द्या, खिसा नीट दाबा. अंड्याचा तवा वेगळा ठेवा, कोणी बघत नसलं तरी ठेवा. मग एखादी माझ्या बॅजकडे बघून विचारते, मॅडम, तुमचंच पूर्ण नाव कसं काय?

मी सांगते, लोकांना विचारायचा त्रास होतो.