घोड्यावरून पडणारा माणूस

माझे मिस्टर पिक्चरमध्ये काम करायचे, हे मी कुणाला सांगत नसे. लोक लगेच विचारत, कुठला पिक्चर? आणि मी त्यांचा एकही पाहिलेला नव्हता.

ते घोड्या-बंदुकांच्या पिक्चरमध्ये असत. मोठी टोपी, खोट्या मिशा, व्हिलनच्या मागे कुठेतरी घोड्यावर. कधी एखादं वाक्य मिळे, "सरदार, वो आ गया!" पण मरण ठरलेलं. हिरोची गोळी लागायची आणि ते पडायचे. लग्न झाल्यावर सासूबाईंनी मला बजावलं, "बाईनं नवऱ्याचं मरण डोळ्यांनी बघू नये, खोटं असलं तरी." मग चाळीतल्या बायका टॉकीजला जात आणि मी घरी थांबे. पुढे तसले पिक्चर निघेनासे झाले, तसं त्यांचं कामही संपलं.

म्हातारपणी आम्ही आखातात, अल कुसैसला, मुलाकडे आलो. इथे त्यांचं हृदय थकलं. आता फार दिवस नाहीत, हे डॉक्टरांनी मुलाला सांगितलं, पण मिस्टरांना ते आधीच कळलं असावं. एका संध्याकाळी म्हणाले, "अगं, एकदा तरी बघ मला."

मला सासूबाईंचे शब्द आठवले. पण त्यांनी तोंड उघडून माझ्याकडे कधी काही मागितलं नव्हतं. मी हो म्हटलं.

मुलाने टीव्हीवर पिक्चर शोधला. घोडे आले, गोळ्या सुटल्या.

"आबा, व्हेअर आर यू?" नात म्हणाली.

"तो बघ, पडला तो!"

"दॅट्स जस्ट डस्ट, आबा."

"बाबा, नक्की हाच पिक्चर ना?" मुलानेही विचारलं.

त्यांनी मान खाली घातली. "असेल दुसरा कुठला."

"परत लाव रे," मी म्हटलं. सून माझ्याकडे बघतच राहिली. पुन्हा घोडे आले, धुरळा उडाला. "हे बघा. हे तुम्ही."

"कशावरून?"

"डावा खांदा आधी टेकला. त्याच खांद्याला तेल चोळत आले ना मी."

त्यांचा हात डाव्या खांद्याकडे गेला. मग हळूच म्हणाले, "कसा पडलो?"

"चांगले पडलात."

"चांगला काय? फर्स्ट क्लास! एका टेकमध्ये ओके." हसता हसता त्यांना खोकला आला. "आणखी एकदा लाव."

"बाबा, खलास, पुरे आता, आराम करा," मुलगा म्हणाला, पण त्याने लावला. पडद्यावर ते मरत होते आणि माझ्या शेजारी बसून पाय हलवत होते. मला भीती वाटली नाही.

थंडीत ते गेले. मी बघितलं म्हणून गेले का, असं कधी मनात येतं. ते कुणाला सांगत नाही.

परवा मुलगा म्हणाला, "आई, बाबांचा पिक्चर लावू?"

मी नको म्हटलं. तेव्हा ते पडद्यावर पडले तरी माझ्या शेजारी होते.