मुका पडदा आणि नसीमची पेटी

नसीम गेली, हे मला पाटणच्या स्टँडवर कळलं. गाडी भरलेली, हातात तिकिटाचं मशीन आणि फोनवर तिचा भाऊ सांगत होता, "ताई, हार्ट अटॅक... दवाखान्यात पोचेपर्यंत संपलं." मी डबल बेल दिली खरी, पण कराडपर्यंत एकाही थांब्याचं नाव तोंडातून फुटलं नाही.

त्या नावांमुळंच तर आमची ओळख झाली! शिराळ्याची ही पोरगी छोट्या फिल्म करायची, संगीतही स्वतःच द्यायची. एकदा माझ्या एसटीत बसली, शेवटपर्यंत माझं ओरडणं ऐकत राहिली आणि उतरताना म्हणाली, "आवं ताई, आवाज लय भारी हाय तुमचा. माझ्या फिल्ममधी काम करा की!" मी हसण्यावारी नेलं. पण पुढच्या रजेत खरंच आमच्या गावी, आमच्याच घरामागच्या परड्यात कॅमेरा लागला. गोष्ट होती सासरच्यांनी घराबाहेर काढलेल्या बाईची. सासूबाईंनी अबोला धरला. "कंडक्टरकी कमी पडली व्हय?" एवढंच म्हणाल्या.

फिल्म पहिल्यांदा दाखवायची ती इथंच, हा नसीमचा हट्ट. देवळापुढं पडदा बांधला, सगळं गाव लोटलं, सासूबाईही मागं येऊन टेकल्या. चित्र सुरू झालं आणि... आवाजच येईना! वायरी हलवून झाल्या, शिट्ट्या सुरू झाल्या. मला पळून जावंसं वाटत होतं. नसीमनं गाडीतली पेटी आणली, पडद्याशेजारी मांडी घातली आणि मला हाक मारली, "ताई, संवाद पाठ हायत न्हवं? बोला! बाकी मी बघते."

काय सांगू तुम्हाला! पडद्यावर माझे ओठ हलताहेत, खाली मी जीव तोडून बोलतेय आणि नसीमची बोटं माझ्या श्वासामागं धावताहेत. मूळचं संगीत तिनं केव्हाच सोडलं होतं. सुचेल तसं वाजवत होती. पडद्यावर मला उंबऱ्याबाहेर ढकललं, तेव्हा पेटी थांबली... आणि त्या शांततेत मागून सासूबाई कडाडल्या, "कोन काढतंय रं तिला? घर तिचं बी हाय!" सगळं गाव टाळ्यांनी दणाणलं. नसीम तर वाजवता वाजवता हसत होती, रडत होती!

ती चाल तिला पुन्हा कधी जुळली नाही. पुष्कळदा पेटी घेऊन बसली. "निसटली बघा, ताई," म्हणायची. त्या रात्री ती मोबाईलवर घ्यावी, हेही कुणाला सुचलं नव्हतं.

तिला जाऊन आता महिना होत आला. परवा पहाटे ड्युटीला निघाले होते. गोठ्यात सासूबाई धार काढत होत्या आणि स्वतःशीच गुणगुणत होत्या. शब्द नव्हते... पण तीच चाल, एकदाच ऐकलेली, पहिल्यापासून शेवटपर्यंत! मी पाय न वाजवता जवळ गेले, मोबाईल पुढं धरला. त्यांनी मान वर करून बघितलं.

"घे नीट," म्हणाल्या, "आन् पोरीच्या भावाला धाड." आणि पुन्हा सुरुवातीपासून धरली.