ढालीवरून चौकात

अगेलोख एलिसचे, म्हणजे ऑलिंपियाचे खेळ भरवणाऱ्या शहराचे. घरची थोडी जैतुनाची झाडं, चार शेळ्या. ऑलिंपियाचे खेळ जवळ आले की डोक्याला जैतुनाची डहाळी गुंडाळून ते दूत म्हणून गावोगाव युद्धबंदी पुकारत फिरत. ज्या गावच्या चौकात पुकारली, तिथे ती त्या क्षणापासून लागू. त्याआधी नाही.

पाचव्या खेपेला ते आमच्या डोंगरावर आले तेव्हा उजवा गुडघा सुजून टम्म झाला होता. चौकात पुकारून झाल्यावर ते आमच्या ओसरीवर टेकले. मी जवाची पेज दिली.

माझा मुलगा दामिस कुस्तीगीर. खेळांआधी महिनाभर एलिसला सरावासाठी हजर व्हावं लागतं, उशीर झाला की नाव कापतात. चार दिवस उरले होते, आणि एलिसला पोचायलाच तीन लागतात. वाट एकच, खिंडीतून, आणि खिंडीपलीकडच्या गावाशी आमचं कुरणावरून वैर. तिथे अजून पुकारायचं होतं. तोवर आमचं माणूस त्यांच्या हाती लागलं तर परत येत नसे.

अगेलोख म्हणाले, दोन दिवस पाय शेकून मग निघतो. मी म्हटलं, निदान दामिसला बरोबर न्या. त्यालाही ते नाही म्हणाले. दूताच्या आडोशाने वैऱ्याचा माणूस आला, असं झालं तर पुन्हा त्यांचं कोण ऐकणार?

"मग शेका पाय," मी म्हटलं. "पोरगं बसेल घरी चार वर्षं."

"बाई, तुझ्या पोराच्या पकडीपेक्षा तुझी जीभ घट्ट आहे," म्हणत त्यांनी काठी मागितली. दामिसने सीमेच्या दगडापाशी थांबावं, पलीकडचा पहारेकरी भाला जमिनीवर ठेवील तेव्हाच पाऊल टाकावं, असं बजावून ते लंगडत निघाले.

पुढचं दामिसने पाहिलेलं. तो दगडाआड पोचला तेव्हा अगेलोख पलीकडे वाटेतच बसलेले, पाय उचलेना. पहारेकरी म्हणाले, इथेच पुकारा. ते म्हणाले, चौकाबाहेरचा पुकार खोटा. शेवटी चौघांनी त्यांना ढालीवर घेतलं.

"आजोबा, ढालीवरून मेलेला नेतात," एकजण म्हणाला.

"मग हळू न्या. मला अजून बोलायचंय."

ऊन कलल्यावर एक पहारेकरी परत आला आणि त्याने भाला खाली ठेवला.

दामिस वेळेत पोचला. पहिल्याच कुस्तीत हरला, कान सुजवून धडधाकट घरी आला.

पुढच्या खेपेला दुसराच दूत आला. त्याच्याबरोबर मी गुडघ्यासाठी पाला धाडला. व्यापाऱ्यांकडून अगेलोखांचा निरोप आला: पाय तसाच आहे, आणि बरा झाला तरी त्या बाईला सांगू नका, पुन्हा चालायला लावील.