वारा काढलेलं चित्रीकरण

परदेशात, ब्युमॉन्टला आमच्या शेजारी राहणारे बल्गेरियन गृहस्थ आयुष्यभर सिनेमांना संगीत देत आले होते. कुठल्या, असं विचारलं की थकल्या आवाजात म्हणत, “ज्यांत माणसं मरतात, ते सगळे माझ्याकडे यायचे.” बोलताना कुंपणावर बोटांनी ठेका धरत आणि मध्येच विसरून जात.

साथीत बाबा पुण्यात वारले. विमानं बंद होती. भावानं फोनवर केलेलं अंत्यविधीचं चित्रीकरण पाठवलं. त्यात नुसता वारा घोंगावत होता. मला ते बघवेना. “याला थोडं संगीत द्याल?” मी शेजाऱ्यांना विचारलं.

आठवड्यानं त्यांनी ते परत दिलं. संगीत नव्हतंच.

“मी फक्त वारा काढला,” ते म्हणाले. “त्याच्याखाली कुणीतरी बोलतंय. बहुतेक तुमच्याशी.”

भावाचा आवाज होता. “ताई, बाबा दिसतायत ना गं तुला?”