व्याह्यांनी आणलेला आजा

२०२४ साल, मी अठ्ठ्याहत्तर वर्षांचा. इथल्या, जर्मनीतल्या एर्लांगेनच्या दवाखान्यातून सूनबाईचा फोन आला, "अप्पा, बाबा गेले." बाबा म्हणजे तिचे वडील, माझे व्याही वसंतराव. तीन वर्षं आम्ही दोघे पोरांच्या एकाच घरात राहिलो. गेलेल्या माणसाबद्दल वाईट लिहू नये म्हणतात... मी लिहिणार. त्यांनीही माझ्यावर लिहिलंच असतं, फक्त शुद्ध लिहिलं असतं. ते प्राध्यापक, मी चौथी पास.

इथल्या एका छोट्या थेटरात रविवारी मुके वार्तापट लावतात. पहिलं महायुद्ध चालू असताना इथल्या लोकांना दाखवायचे, तेच. आवाज नाही, मधूनमधून जर्मन पाटी. वसंतरावांना जर्मन यायचं; ते ती मला मोठ्यानं मराठीत सांगायचे आणि मागून कुणीतरी "प्स्स्ट!" करायचं. मी जायचो त्याला कारण होतं. माझा आजा त्या लढाईत इंग्रजांच्या फौजेतून इराकात बसऱ्याला गेला तो आलाच नाही. घरात त्याचा फोटो नाही. एकदा पडद्यावर पकडलेले फेटेवाले शिपाई आले. वसंतरावांनी पाटी वाचली, "बसरा! अहो व्याही, तो मधला बघा. नाक तुमचंच!" थेटरवाल्याकडून त्यांनी तेवढं चित्र मिळवलं, फ्रेम केली आणि माझ्या वाढदिवसाला शाल-नारळासकट हातात दिली. मी सगळ्यांसमोर रडलो.

पुढं तोच वार्तापट पुन्हा लागला. या वेळी सूनबाई सोबत होती. तिनं पाटी वाचली, "बाबा, फ्रान्स लिहिलंय की!"

बसस्टॉपवर मी त्यांना धरलं. ते म्हणाले, "मुलीच्या घरचं खातो मी. व्याह्याला द्यायला दुसरं काय होतं माझ्याकडे?"

"म्हणून माझा आजा बदललात?"

"कोरी भिंत बरी होती का?"

"कोरी होती, पण खोटी नव्हती."

घरी येऊन भिंतीवरचा तो फोटो काढायला हात घातला, तर सूनबाई आडवी आली. "बाबा आहेत तोवर राहू दे, अप्पा." राहू दिला. पण व्याह्यांशी बोलणं तोडलं. दर रविवारी कोट घालून ते माझ्या दारात यायचे, "येता का?" मी खिडकीबाहेर बघायचो. दवाखान्यातही मी त्यांच्या खोलीबाहेरच बसलो... त्याचं मला वाईट वाटत नाही.

ते गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी तो शिपाई उतरवला. कुणाचा तरी आजा असेल, म्हणून धुतलेल्या धोतरात गुंडाळून ठेवला. भाड्याचं घर, दुसरा खिळा ठोकू देत नाहीत. सूनबाईकडून वसंतरावांचा फोटो मागून घेतला आणि त्याच खिळ्यावर लावला. माणूस खोटारडा होता, पण चेहरा त्याचाच आहे.