मंजुरी न आलेल्या बाई

आमच्या मुलींच्या हायस्कुलाचे चेअरमन सरकी-पेंडीचे व्यापारी होते. शिक्षणाबद्दल त्यांना एवढंच ठाऊक होतं, की त्याला सरकारी ग्रँट मिळते. नवरा गेल्यावर मी पुण्यात वसतिगृहात राहून बी.ए. झाले आणि सोलापुरात आले, तेव्हा त्यांनी पेढीवर बसून सुपारी कातरता कातरता मला नेमलं. म्हणाले, "बाई, उद्यापासून या. गणित घ्या. कागदाचं मागाहून बघू."

मी गणित घेऊ लागले. लेखी हुकूम मागितला, की हेडमिस्ट्रेसबाई म्हणायच्या, "शिक्षण खात्याची मंजुरी यायचीय." तोवर पगाराऐवजी उचल मिळायची. माझ्या हाताखाली शिकलेल्या मुली मॅट्रिक झाल्या, तरी मंजुरी वाटेतच होती.

मग एका उन्हाळ्यात चेअरमनांच्या पुतण्याची बायको पदवीधर झाली. जूनमध्ये शाळा उघडली, तर माझ्या वर्गात खुर्चीवर ती. हेडमिस्ट्रेसबाईंनी मला बोलावलं.

"खात्यानं तुमची मंजुरी नाकारली. तेव्हा तुमची नेमणूक मुळात झालीच नाही, असं कमिटीचं मत आहे."

"मग इतके दिवस मी वर्गात काय करत होते?"

"ते मी कसं सांगणार?" त्या म्हणाल्या. रोज दुपारी माझ्या डब्यातली शेंगाचटणी मागून घेणारी ही बाई.

मी थकलेल्या पगारासाठी दिवाणी दावा लावायचं ठरवलं. ते कळल्यावर आमच्या गावाहून, केमहून, माझा धाकटा भाऊ आला. तो शेती करायचा.

"आक्का, सोड की. ही लई मोठी मानसं. चल गावाकडं."

"तिकडं येऊन काय करू?"

"काय नगं करू. ऱ्हा नुसती."

त्याच्या मायेबद्दल मला शंका नव्हती. पण नुसतं राहण्यासाठी मी शिकले नव्हते. दावा लावला.

कोर्टात चेअरमन जरीचा रुमाल बांधून पिंजऱ्यात उभे राहिले आणि शपथेवर म्हणाले, "या बाई विधवा. दया आली म्हणून शाळेत बसायला जागा दिली. शिकवायला ठेवलं नव्हतं."

सबजज्जसाहेब लिहिता लिहिता थांबले. "मग गणित कोण शिकवत होतं?"

चेअरमनांनी आपल्या वकिलाकडे पाहिलं. वकील पंख्याकडे पाहत होता.

"मुली हुशार हाईत, साहेब."

कोर्ट हसलं. मला हसू आलं नाही. उलट अपमान वाटला. एखाद्या चतुर माणसानं फसवलं असतं, तर निदान तेवढं समाधान असतं. मला या माणसानं फसवलं होतं.

त्यानंतर आमच्या वकिलांनी शिक्षण खात्याच्या इन्स्पेक्टरसाहेबांच्या कचेरीतला कारकून साक्षीला बोलावला. त्यानं सरळ सांगितलं, की या बाईंच्या मंजुरीचा प्रस्ताव कचेरीत कधी आलाच नाही. म्हणजे खात्यानं काही नाकारलं नव्हतं. कुणी मागितलंच नव्हतं. मी वळून हेडमिस्ट्रेसबाईंकडे पाहिलं. त्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत होत्या. त्यांना हे पहिल्यापासून माहीत होतं.

निकाल माझ्या बाजूनं लागला. थकबाकी मिळाली. नोकरीवर परत बसवणं काही कोर्टाच्या हातात नव्हतं. पण निकालाची बातमी खात्यात पोचली आणि शाळेची ग्रँट अडली. तेव्हा कुठे चेअरमनांना माझी आठवण झाली. ते स्वतः टांग्यानं माझ्या बिऱ्हाडी आले आणि कधी नव्हे ते मला ताई म्हणाले.

"ताई, झालं गेलं विसरा. मंजुरी आणलीय."

मी कागद घेतला आणि ते उभे असताना शेवटच्या ओळीपर्यंत वाचला. बसा म्हटलं नाही. चहा विचारला नाही. नोकरी मात्र घेतली, कारण मला शिकवायला आवडत होतं आणि सोलापुरात मुलींना बीजगणित शिकवणारी दुसरी शाळा नव्हती. पुतण्याच्या बायकोला खालचे वर्ग दिले. दोघींना पुरेल एवढं काम तिथं होतंच, पहिल्यापासून होतं.

त्या वर्षीच्या स्नेहसंमेलनात चेअरमन भाषणाला उभे राहिले. संस्थेनं किती झगडून या विदुषीची मंजुरी मिळवली, ते त्यांनी सविस्तर सांगितलं. हेडमिस्ट्रेसबाईंनी सगळ्यांच्या आधी टाळ्या वाजवल्या. समारंभ संपल्यावर चेअरमन हार सावरत माझ्याजवळ आले.

"कसं झालं भाषण?"

"नीट ऐकू आलं नाही," मी म्हटलं.

त्यांना ते खरं वाटलं. पुढच्या खेपेला मला पुढच्या रांगेत बसवा, असं त्यांनी शिपायाला बजावलं.