दोनशे एकेचाळीस नंबरची बांधी

मी गाव सोडलं तो दिवस रोवण्याचा, धानाची रोपं लावायचा होता. हे मी बाबांना अनेक वर्षं ऐकवत आले. करडीजवळच्या आमच्या गावातून भाड्याची जीप निघाली. मागे आई, मावशी आणि माझ्या दोन बॅगा, पुढे ड्रायव्हरशेजारी बाबा. नागपूरच्या विमानतळापर्यंत सगळेच येणार असं ठरलेलं होतं. कारध्याला, वैनगंगेच्या पुलाच्या अलीकडे, बाबांनी जीप थांबवली आणि ते खाली उतरले.

"दोनशे एकेचाळीसवर बाया बांधावर बसून हायेत. मले जा लागते. तू जाय, सुजा."

एवढंच बोलले आणि रस्त्याच्या पलीकडे जाऊन परतीच्या एसटीची वाट पाहत उभे राहिले. मुलगी सातासमुद्रापार नर्स म्हणून चाललेली आणि बापाला धानाची काळजी. पुलावरून मी मागे वळून पाहिलं नाही. आई रडत होती आणि मी रागाने खिडकीबाहेर नदीकडे बघत होते. तो राग मी विमानात बरोबर घेतला. त्याला वजनाची मर्यादा नव्हती.

बांधी म्हणजे आमच्या झाडीपट्टीत धानासाठी बांध घालून केलेला शेताचा तुकडा. तुम्ही जे अजून तिकडे आहात, तुम्हाला हे सांगायला नको. पण माझ्यासारखे जे बाहेर आलेत, त्यांच्या मुलांना सांगावं लागतं. गावात प्रत्येक बांधीला नाव असतं. एक चिचबांधी, एक बोडीखालची, म्हणजे लहान तळ्याखालची, एक नुसतीच लांबी. आमच्या बांधीला मात्र घरात गट नंबरानेच ओळखायचे. लहानपणी मला वाटायचं, बाबा शाळेत मास्तर, त्यांना सगळ्यालाच आकडा लागतो.

खरं कारण मोठी झाल्यावर कळलं. गावाच्या तोंडी आमच्या बांधीलाही नाव होतं. आमच्या जुन्या जातीचं. आजोबांनी छप्पन साली दीक्षा घेतली, जात सोडली, पण गावाने ते नाव काही सोडलं नाही. चहाच्या टपरीवर कोणी सहज बोलता बोलता ते उच्चारलं की बाबा अर्धा कप ठेवून उठून यायचे. त्याबद्दल घरात कधी बोलणं नाही, आणि त्याआधीच्या दिवसांबद्दल तर नाहीच. मी काही विचारलं की त्यांचं ठरलेलं वाक्य असायचं, "मागलं कायले उकरतेस."

आयर्लंडच्या पश्चिमेला एका लहान गावात, म्हाताऱ्या माणसांच्या नर्सिंग होममध्ये मला काम मिळालं. माझी पहिली दोन वर्षं शिफ्ट, व्हिसा आणि हिटरचं बटण यांतच गेली. मग माझ्या वाट्याला नोरा आली. वय नव्वदच्या आसपास, जन्म शेतात गेलेला, जीभ कात्रीसारखी आणि डोळ्यांना जवळजवळ काही दिसत नाही असं. तिच्या खोलीत एक अख्खं शेल्फ भरून पुस्तकं होती आणि बहुतेक सगळ्यांची कव्हरं हिरवी. आयरिश आडनावांचा इतिहास, आयरिश नाच, जुनी गाणी, दुष्काळात बोटीत बसून गेलेली माणसं, आयरिश असण्याचा अभिमान. तिची नातवंडं अमेरिकेत. दर वाढदिवसाला एक जाडजूड पुस्तक यायचं.

मी तिला ती वाचून दाखवायचे आणि ती मध्येच हसायची. म्हणायची, जे गेले त्यांनाच हिरवा रंग लागतो, आम्हाला इथे नुसता चिखल होता. मलाही हसू यायचं, पण जरा जपून. कारण मी स्वतः घरी हॉलच्या भिंतीवर आईकडून मागवलेलं सूप टांगलं होतं. आईने व्हिडिओ कॉलवर ते पाहिलं आणि तिला काही समजेना. "सूप भितीले काहून टांगलं? मंग पाखडतेस कशात?" तिला काय सांगू, की इथे पाखडायला काही नाही, म्हणूनच ते भिंतीवर आहे.

पण सगळीच पुस्तकं हसण्यासारखी नव्हती. एकात लिहिलं होतं की एके काळी तिथल्या शाळांत आयरिश बोलणाऱ्या मुलाच्या गळ्यात काठी अडकवायचे आणि बोललेल्या प्रत्येक शब्दाला तिच्यावर एक खाच पाडायचे. ते वाचताना मी मध्येच थांबले. भंडाऱ्याच्या हॉस्टेलमध्ये मी "मले" म्हटलं की मुली फिदीफिदी हसायच्या. आणि निघायच्या आदल्या दिवशी बाबांनी स्वतः सांगितलं होतं, तिकडं आपली झाडी बोली बोलू नोको. तिथे झाडीत मी बोलणार तरी कोणाशी होते? नोराने मला पाणी प्यायला सांगितलं आणि ते पान पुन्हा वाचायला लावलं.

तिची एकच तक्रार होती. एवढ्या पुस्तकांत तिची शेतं कुठे नव्हती. अकरा शेतं होती तिच्या बापाची आणि प्रत्येकाला नाव. विहिरीचं, लांबटं, लंगड्या घोडीचं, एक तर उपाशी शेत, जिथे काहीच धड पिकलं नाही. ती सांगायची आणि मी पेन्सिलने पुस्तकाच्या कोऱ्या कडेला लिहून ठेवायचे. मग गावच्या लायब्ररीने परिसरातल्या शेतांच्या नावांचं पुस्तक काढायचं ठरवलं. नोराची अकराही नावं त्यात गेली. लायब्ररीतल्या बाईंनी बाहेरून येऊन राहिलेल्यांनाही एकेक पान द्यायचं ठरवलं. आपण जिथून आलो तिथल्या एका जमिनीचं नाव आणि तिची गोष्ट. नोराने मला न विचारता माझं नाव देऊन टाकलं आणि महिन्याभराची मुदत सांगितली.

मी बाबांना फोन लावला. सांगितलं की पुस्तकात छापायला आपल्या बांधीचं नाव हवंय. त्यांनी उलट मलाच विचारलं.

"गावानं देल्लं नाव तुले माहीत हाय. ते छापून पक्कं कराचं हाय का?"

मी म्हटलं, ते नको. त्याच्याही आधीचं काहीतरी असेल, आजीने दिलेलं, झाडावरून पडलेलं, कानाला गोड. हिरवी पुस्तकं वाचून वाचून माझं डोकंच तसं झालं होतं. बाबा म्हणाले, नाही. मी हट्ट धरला. ते पुन्हा म्हणाले, नाही, नंबर हाय ना. तेव्हा माझ्या तोंडून जे निघायला नको होतं ते निघालं. मी म्हटलं, "तुम्हाला आपल्याच जमिनीची लाज वाटते, म्हणून नंबराच्या मागे लपता." तेही मी प्रमाण मराठीत म्हटलं, मास्तरणीसारखं. त्यांनी फोन ठेवला.

त्यानंतर फोनवर फक्त आई. बाबा कुठे आहेत विचारलं की बांधीवर गेलेत. सकाळीही बांधीवर, दुपारीही बांधीवर. मुदत संपायला आठवडा राहिला आणि मी नोराला सांगून टाकलं की माझं पान नको. बापाला दुखवून पान मिळवायचं नव्हतं मला. ती बरं म्हणाली, पण लायब्ररीला तिने काही कळवलं नाही.

मग एका रविवारी बाबांनीच व्हिडिओ कॉल केला. बांधावर बसले होते, मागे बोडीचं पाणी दिसत होतं. कसं आहे, काय आहे, काही न विचारता बोलायला लागले.

"तुये आजोबा शाळेत गेले नाई. बांधी त्याईले गावकीच्या कामाच्या बदल्यात कसाले होती. दीक्षा घेऊन आले आन मेलेली ढोरं ओढनं बंद केलं. गाव म्हने, काम नाई तं बांधी नाई. मंग मोहाडीले तहसिलीत चकरा. किती वर्स, मले आठवत नाई, मी लहान होतो. कागद हाती आला तवा त्याच्यावर त्यायचं नाव होतं आन नंबर होता. नाव काई त्याईले वाचता आलं नाई. नंबर शिकून घेतला. दोन, चार, एक. मले पाटीवर अ आ शिकवाच्या आधी ते तीन आकडे शिकवले. ते नाव गावानं देल्लं, सुजा. नंबर आपन घेतला. लपून नाई राहिलो मी."

ते पुढे सांगत होते. पहिल्या रोवण्याच्या दिवशी, बाया बांधीत उतरायच्या आधी, आजोबा काडीने चिखलावर तो नंबर लिहायचे आणि त्याच्यावर पहिलं रोप लावायचे. त्यांच्यानंतर बाबा. एकही वर्ष चुकलेलं नव्हतं. आणि हे मी पाहिलेलं होतं. दरवर्षी पाहिलं होतं. बाबा कोपऱ्यात एकटे उतरून चिखलात काडी फिरवतात, चिखल किती खोल आहे ते बघायला, असं मी धरून चालले होते. विचारलं कधी नाही. कारध्याच्या पुलाआधी ते जीपमधून का उतरले, हेही मी कधी विचारलं नव्हतं.

मी त्यांची माफी मागितली. "चालते," म्हणाले, आणि धानावर आलेल्या किडीबद्दल बोलायला लागले.

पान छापून आलं. वर मोठ्या अक्षरांत २४१, आपल्याच आकड्यांत. खाली आजोबांची गोष्ट. नोराला ते दिसेना, म्हणून मी तिच्या तळहातावर बोटाने तिन्ही आकडे गिरवले. चारच्या गाठीपाशी तिने मला पुन्हा गिरवायला लावलं. मग म्हणाली, माझ्या अकरांपेक्षा हे शेत चांगलं, ते लढून घेतलेलं आहे. अकराही शेतं सोडून ती असं म्हणेल असं मला वाटलं नव्हतं.

पुस्तकाची एक प्रत मी बाबांना पाठवली. ती त्यांनी वर्तमानपत्राचं कव्हर घालून ठेवली आहे, आणि कोणी घरी आलं की कव्हर काढून दाखवतात. टपरीवरही नेऊन आले, असं आईकडून कळलं. चहा पूर्ण पिऊन आले.

घर कुठलं, असं मला इथे लोक विचारतात आणि तिकडे गेले की तिकडचेही विचारतात. पूर्वी मी मोठं उत्तर द्यायचे. इथे खेड्यातल्या घरांना नंबर नसतो, फाटकावर नावाची पाटी असते. माझ्या घराची पाटी बरेच महिने कोरी होती, कारण मला एखादं गोड नाव सापडत नव्हतं. आता तिच्यावर २४१ आहे. पोस्टमनने पहिल्यांदा विचारलं की बाकीची दोनशे चाळीस घरं कुठे आहेत. भिंतीवरचं सूप मी उतरवून ठेवलं, कारण त्याचं काम आता उरलेलं नाही.

यंदा मी रजा दिवाळीला न घेता रोवण्याला घेतली. नागपूरहून निघालेली गाडी वैनगंगेचा पूल ओलांडून कारध्यात आली, तर बाबा रस्त्याच्या कडेला उभे. पॅन्ट पोटऱ्यांपर्यंत दुमडलेली, एक गुडघा आता नीट वाकत नाही. गाडीत बसले आणि जशी मी कालच गेले होते तसं म्हणाले, "चाल लवकर. बाया बांधावर बसून हायेत."

बांधीवर त्यांनी काडी माझ्या हातात दिली. मी चिखलात उतरले, पाय पोटरीपर्यंत आत गेले, बाया बांधावरून बघत होत्या. दोन बरा आला. चार लिहिताना काडी चिखलात अडकली आणि त्याची गाठ वाकडी झाली. एक काढून झाल्यावर मी चार पुसून पुन्हा लिहायला गेले तर बाबांनी रोप पुढे केलं.

"राहू दे तसाच. तुया आजोबाचाई वाकडाच येत होता."

मी त्याच्यावरच पहिलं रोप लावलं.